नागोजी अण्णांनी दिलेला शब्द

नागोजी अण्णांची आठवण झाली की माझी मान आपोआप खाली जाते. ते वाईट माणूस होते म्हणून नव्हे. फार थोर होते म्हणूनही नव्हे. जी लाज आम्हा सगळ्यांना वाटून घ्यायला हवी होती ती त्यांनी एकट्याने उचलली आणि ते घरी गेले. आम्ही बाकीचे अजून त्याच ऑफिसात, त्याच खुर्च्यांवर बसतो आणि चारच्या चहाला नेहमीसारखे हसतो.

बंगळूर ते चेन्नई अतिवेगवान रेल्वे धावावी म्हणून तिच्या मार्गाची आखणी करणारी आमची सल्लागार कंपनी. रूळ कुठून न्यायचे, तळं कुठं टाळायचं, टेकडी पोखरायची की वळसा घालायचा, हे आम्ही पडद्यावर ठरवायचो. माझं काम नकाशांचं. नाशिकहून आलेली, इलेक्ट्रॉनिक सिटीत एका मैत्रिणीबरोबर भाड्याने राहणारी, दिवसभर हिंदी-इंग्रजीत बोलणारी मी. आणि अण्णांचं काम, आम्ही पडद्यावर जे ठरवलं ते गावोगाव जाऊन लोकांना सांगायचं. मोठ्या साहेबांना कन्नड येत नसे, परदेशी तज्ज्ञांना तर नाहीच. त्यामुळे कोलारकडच्या खेड्यांमध्ये आमच्या कंपनीला जो काही आवाज होता तो नागोजी रावांचा होता.

आणि आवाज काय होता. खर्जातला, पण जड नाही. पूर्वी ते रेल्वे स्टेशनावर घोषणा करायचे, कन्नड, हिंदी आणि इंग्रजीत. पुढे ते काम यंत्राकडे गेलं आणि अण्णा कुठं कुठं फिरत शेवटी आमच्याकडे आले. साठीला टेकले होते. अंगात कायम पांढरा शर्ट, खिशात छोटा कंगवा. गावाच्या वेशीवर गाडी थांबली की बाजूच्या आरशात वाकून ते आधी भांग पाडायचे. मी एकदा हसले तर म्हणाले, "हसू नकोस. आपण कुणाच्या तरी जमिनीवरून रेघ ओढणार. निदान केस तरी सरळ असू देत."

आमची ओळख मराठीमुळे झाली. नवीन होते तेव्हा ऑफिसच्या जिन्यात उभी राहून मी आईशी फोनवर बोलत होते. फोन ठेवला तर पाठीमागून आवाज आला, "नाशिकची काय गं तू?"

मी वळले. सगळे ज्यांना राव सर म्हणायचे ते गृहस्थ डबा घेऊन उभे.

"तुम्ही मराठी?"

"आमची फॅमिली इथं तीनशे-चारशे वर्षं आहे. कुठल्याशा फौजेबरोबर आमचा कोणी पूर्वज आला आणि त्याची परतीची गाडी चुकली," ते म्हणाले. "घरात बोलतो तेवढंच मराठी. तुझं कसं नवीन नाण्यासारखं वाजतंय. आमचं घासून घासून गुळगुळीत झालंय. सर म्हणू नकोस. अण्णा म्हण. ऊटा आयता? जेवलीस?"

तेव्हापासून मी पुट्टी झाले. कन्नडमध्ये घरातल्या धाकट्या मुलीला लाडाने म्हणतात तसं. राजाजीनगरात त्यांचं लहानसं घर होतं. सणावाराला पद्मा अक्का, म्हणजे त्यांच्या पत्नी, मला जेवायला बोलवायच्या. त्यांच्या बोलण्यात जरासं या अर्थी 'स्वल्प' आणि बरं या अर्थी 'सरी' इतके सहज येत की चार जेवणांनंतर मीही आईला फोनवर "स्वल्प थांब" म्हणू लागले आणि कन्नड थोडंथोडं समजूही लागलं. त्यांची एकुलती मुलगी चेन्नईला दिलेली. अण्णांना गाडीचं सगळ्यात मोठं आकर्षण ते. "सकाळी कॉफी घेऊन निघायचं, नातवाला शाळेत सोडायचं आणि संध्याकाळच्या कॉफीला परत इथं," असं ते म्हणायचे. अक्का म्हणायच्या, "आणि मी दोन्ही वेळा कॉफी करत बसू काय?"

गावातल्या बैठकीला मी पहिल्यांदा गेले ती नकाशाची गुंडाळी धरायला. शाळेच्या पटांगणात मांडव घातलेला. साहेबांसाठी वर खुर्च्या. अण्णा वर बसलेच नाहीत. माईक घेऊन ते शाळेच्या पायरीवर, लोकांच्या समोरच बसले. माईक चालू आहे का हे बघायला लोक फुंकर मारतात, हॅलो हॅलो करतात. अण्णांचा पहिला शब्द म्हणजे त्या गावाचं नाव. नुसतं नाव, सावकाश, जसं एके काळी ते स्टेशनचं नाव घेत असतील तसं. गोंधळ चाललेला असला तरी स्वतःच्या गावाचं नाव असं ऐकलं की लोक गप्प होत.

मग ते समजावून सांगत. नकाशाकडे बोट क्वचित करायचे. म्हणायचे, "सकाळी इथं दोसा खाऊन निघालात तर तो पचायच्या आत चेन्नईत असाल." लोक हसायचे. मग कुणीतरी म्हातारा हमखास विचारायचा, "आमच्या गावात थांबणार काय गाडी?"

साहेबांनी याचं एक ठरलेलं उत्तर दिलं होतं. प्रादेशिक विकास, जोडरस्ते वगैरे. अण्णा ते उत्तर शेवटी द्यायचे. आधी स्वतःचं द्यायचे. "नाही, ताता. थांबणार नाही. दिसेल फक्त. तेही डोळे मिटले नाहीत तर."

त्यावर सगळ्यात जास्त हशा यायचा आणि मला वाटतं, त्याच वाक्यामुळे लोक त्यांच्यावर विश्वास ठेवायचे. जो माणूस आपल्या तोंडाने गैरसोयीचं सांगतो तो बाकीचंही खरंच सांगत असणार, असा तो हिशेब.

मल्लेकुंटे नावाच्या गावात नंजम्मा राहायची. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. तुतीची शेती, रेशमाचे किडे, एक गाय, आणि गौरी नावाची मुलगी. गौरीचं लग्न ठरलं होतं. जावई शेजारच्याच तालुक्यातला, पण दूध डेअरीत नोकरीला, आणि इकडं राहायला तयार. म्हणून नंजम्मा आपल्या घराला लागून मुलीसाठी दुसरं घर बांधत होती. भिंती उभ्या झाल्या होत्या. स्लॅब बाकी होता.

बैठक संपल्यावर तिने आम्हाला घरी नेलं. गरम वाफेसारख्या उन्हातून आत आलो तर तिने आले-कोथिंबीर घातलेलं ताक दिलं. अण्णा दोन पेले प्यायले. मग तिने सरळ विचारलं.

"अण्णा, तुम्ही रेघ म्हणता ती माझ्या घरावरून जाणार आहे काय? जाणार असेल तर आत्ता सांगा. मी स्लॅब घालत नाही. पोरीला आहे त्या घरात ठेवते."

अण्णांनी माझ्याकडे बघितलं. मी लॅपटॉप उघडून दाखवलं. रेघ गावाच्या बरीच उत्तरेला होती, तळ्याच्या पलीकडून. तरी अण्णांनी लगेच शब्द दिला नाही. "विचारून सांगतो अम्मा," म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात त्यांनी मोठ्या साहेबांना माझ्यासमोरच विचारलं. साहेबांनी पडद्यावर एक नजर टाकली. "राव साहब, बोल दीजिए। गाँव सेफ है।"

अण्णांनी तिथेच उभं राहून नंजम्माला फोन लावला. मला ते शब्द आठवतात, कारण त्यांनी ते कन्नडमध्ये सांगून मग माझ्यासाठी मराठीत सांगितले. "स्लॅब घाला, अम्मा. मी सांगतो." फोन ठेवून ते किती तरी वेळ खूश होते. एखाद्याच्या घराचं छत आपल्या शब्दावर पडतं हे रोज थोडंच होतं.

गौरीचं लग्न झालं. पत्रिका ऑफिसात आली होती. अण्णा आणि पद्मा अक्का जाऊन आले, स्टीलचा डबा देऊन आले.

त्यानंतर काही महिन्यांनी रेघ सरकली.

इथे थोडं समजावून सांगायला हवं. इतक्या वेगाच्या गाडीला जवळचं वळण चालत नाही. तिची वळणं एवढी मोठी की जमिनीवर उभं राहून ती वळणं आहेत हे कळतसुद्धा नाही. त्यामुळे एका ठिकाणी रेघ जराशी हलवली की कितीतरी मैल पुढची रेघ तिच्याबरोबर हलते. आमच्या मार्गात अलीकडे एक मोठी औद्योगिक वसाहत येऊ घातली होती. त्यांना आपल्या जागेतून रूळ नको होते. त्यांचं वजन होतं. वरून निरोप आला, आम्ही रेघ थोडी दक्षिणेला घेतली, आणि ती तळ्याच्या अलीकडे येऊन बरोबर मल्लेकुंटेच्या कडेच्या घरांवरून गेली. हे सगळं कायदेशीर होतं. आखणी पक्की झालेली नव्हतीच.

नवीन नकाशा मी तयार करत होते तेव्हा अण्णा मागे येऊन उभे राहिले. मी पडदा झाकला नाही. झाकून काय होणार होतं. त्यांनी चष्मा वर करून जवळून पाहिलं.

"हे तळं," ते म्हणाले.

"हो."

"म्हणजे हे नंजम्माचं."

"हो, अण्णा."

"दोन्ही घरं?"

मी नकाशा मोठा करून दोन्ही घरं दाखवली. ते सरी म्हणाले आणि आपल्या जागेवर जाऊन बसले. त्या दिवशी त्यांनी डबा उघडला नाही.

पुढच्या बैठकीसाठी साहेबांनी निवेदन लिहून दिलं. इंग्रजीत. अण्णांनी त्याचं कन्नड करायचं आणि वाचायचं. त्यात असं होतं की ही आखणी सुरुवातीपासून तात्पुरती होती आणि कंपनीच्या वतीने कुणालाही कसलीही खात्री देण्यात आलेली नव्हती. अण्णा साहेबांच्या केबिनमध्ये गेले आणि थोड्या वेळाने बाहेर आले. आत काय बोलणं झालं मला माहीत नाही. कागद तोच होता.

मल्लेकुंटेच्या शाळेचं तेच पटांगण. अण्णांनी भांग पाडला. पायरीवर मात्र बसले नाहीत. वर, साहेबांच्या खुर्चीशेजारी उभे राहिले आणि गावाचं नाव न घेता एकदम वाचायला सुरुवात केली. त्या सुंदर आवाजात त्यांनी ते सगळं वाचलं, ते वाक्यही वाचलं. एक शब्द अडखळला नाही. मी समोर नंजम्माकडे बघत होते. ती शाळेच्या भिंतीला टेकून बसली होती. तिला पहिल्यांदा कळलंच नाही. मग कळलं. तिने ओरडाआरडा केला नाही. ती अण्णांकडे अशी बघत राहिली, जणू हा माणूस तिने आधी कुठंतरी पाहिला होता आणि कुठं ते तिला आठवत नव्हतं.

बैठक संपल्यावर ती पुढे आली. मला वाटलं आता बोलेल. ती म्हणाली, "अण्णा, ऊन आहे. घरी चला, ताक घेऊन जा."

अण्णांना जावंच लागलं. मीही गेले. नव्या घराला पिवळा रंग दिला होता. दारावर लग्नातलं तोरण वाळून तसंच. गौरी दारात उभी होती, पोट दिसायला लागलेलं. नंजम्माने पेला पुढे केला. अण्णांनी तो हातात घेतला आणि तो तसाच धरून बसले. त्यांनी एक घोट घेतला नाही, पेला खालीही ठेवला नाही. शेवटी गौरीनेच तो त्यांच्या हातातून काढून घेतला.

परतताना गाडीत साहेब पुढे फोनवर बोलत होते. अण्णा खिडकीबाहेर बघत होते. होसकोटे मागे पडलं. मग ते मराठीत, फक्त मला ऐकू जाईल असं म्हणाले, "भीती वाटली म्हणून वाचलं नाही गं. नोकरी काय, आज आहे उद्या नाही. सवय. हातात कागद आला की वाचायचं. स्टेशनावर आयुष्य गेलं त्यात. गाडी चार तास लेट, तुम्हाला झालेल्या गैरसोयीबद्दल आम्हाला खेद आहे. हजार वेळा म्हटलं असेल. एकदाही झाला नाही खेद. आणि आज झालाय तर कागदावर नाहीये."

मी म्हटलं, "अण्णा, तुमचा काय दोष. तुम्ही विचारून सांगितलं होतं."

"फोनवर मी काय म्हटलं होतं? कंपनी सांगते म्हटलं होतं काय? मी सांगतो म्हटलं होतं."

त्यानंतरचे अण्णा वेगळे होते. भांग पाडणं सुटलं. बैठकांना ते येत, पण अनुवाद करून ऑफिसातल्या दुसऱ्या एका मुलाकडे वाचायला देत आणि मागे उभे राहत. चेन्नई, नातू, संध्याकाळची कॉफी, ह्यातलं काही तोंडातून येईना. पद्मा अक्कांनी मला फोन करून विचारलं, "ऑफिसात काय झालं काय गं? रविवारी सकाळी बस धरून कुठं तरी जातात, अंधार पडल्यावर येतात. विचारलं तर सांगत नाहीत." मला अंदाज होता. पुढे नंजम्माच्या शेजाऱ्याकडून कळलं, ते मल्लेकुंटेला जात. तिच्या घरी नव्हे. तळ्याच्या बांधावर जाऊन बसत, तिथून तिचं घर दिसतं. मग बस आली की परत.

खरी गोष्ट पुढेच आहे. जमीन घेताना एक नियम होता. गाडीची पहिली जाहीर बैठक झाल्यानंतर जी घरं उभी राहिली ती भरपाईत धरायची नाहीत. नियम चुकीचा नव्हता. अशा कामांची कुणकुण लागली की लोक शेतात रात्रीत पत्र्याच्या खोल्या उभारतात. पण त्या नियमात गौरीचं घर सापडलं. भिंती आधीच्या, छत नंतरचं, म्हणून सगळं घर नंतरचं.

जनसुनावणी तालुक्याच्या कल्याण मंटपात झाली, लग्नकार्यांच्या त्या मोठ्या हॉलमध्ये. व्यासपीठावर जिल्ह्याचे अधिकारी, आमचे साहेब, आम्ही दोघं-तिघं. त्या दिवशी वाचणारा तो मुलगा आजारी होता, म्हणून माईक अण्णांकडे. एकेक नाव पुकारलं जात होतं. नंजम्माचं आलं. ती उठली. अधिकाऱ्यांनी विचारलं, "हे दुसरं घर पहिल्या बैठकीनंतर का बांधलं?"

मागच्या रांगेतून कुणीतरी बोललं, "का म्हणजे? भरपाईसाठी." थोडे लोक हसले. नंजम्माच्या चेहऱ्यावर ते हसू जाऊन लागलं. आयुष्यात तिला कुणी लबाड म्हटलं नसावं. गौरी बाळ कडेवर घेऊन उभी राहिली आणि म्हणाली, "रेल्वेच्या माणसाने फोन करून सांगितलं होतं. स्लॅब घाला म्हणून."

अधिकारी आमच्याकडे वळले. "तुमच्यातल्या कोणी असं सांगितलं होतं काय?"

साहेब शांत होते. मला वाटतं त्यांना खरोखरच आठवत नव्हतं. त्यांच्या दृष्टीने ते एक वाक्य होतं, पडद्यावर नजर टाकून म्हटलेलं. ते इंग्रजीत म्हणाले की अशी कोणतीही खात्री देण्यात आली नव्हती. आणि अण्णांना म्हणाले, "राव साहब, कन्नड में बता दीजिए।"

अण्णा उठले. माईक तोंडाजवळ नेला. "मल्लेकुंटे," म्हणाले. हॉल गप्प झाला. साहेबांनी मान वर करून बघितलं. अण्णांनी माईक टेबलावर ठेवला, व्यासपीठाच्या चार पायऱ्या उतरले, आणि लोकांच्या बाजूला, नंजम्माच्या रांगेच्या कडेला जाऊन उभे राहिले. तिथून अधिकाऱ्यांकडे तोंड करून, माईकशिवाय बोलले. माईकची त्यांना गरज नव्हतीच.

"मी सांगितलं होतं. ही बाई स्लॅब थांबवायला तयार होती. मला विचारलं, मी घाला म्हटलं. ही लबाड नाही. गेल्या बैठकीत कुणालाही खात्री दिली नव्हती असं मी वाचलं. ते खोटं होतं. मला ते माहीत होतं आणि मी वाचलं."

अधिकाऱ्यांनी विचारलं, "तुम्हाला कोणी सांगितलं होतं असं सांगायला?"

आता ते साहेबांचं नाव घेतील असं मला वाटलं. मग मलाही उठावं लागलं असतं. मी ते वाक्य ऐकलं होतं. अण्णांनी आमच्याकडे एकदा बघितलं. साहेबांकडे, मग माझ्याकडे. मी नकाशाची गुंडाळी दोन्ही हातांनी धरून बसले होते.

"मी सांगितलं," ते परत म्हणाले. "फोन माझा होता."

टाळ्याबिळ्या वाजल्या नाहीत. खरं बोललं की लोक टाळ्या वाजवतात हे आपल्याला उगीच वाटतं. अधिकाऱ्यांनी लिहून घेतलं. पुढचं नाव पुकारलं गेलं. अण्णा तिथेच उभे होते, खुर्ची कुणी दिली नाही. नंजम्मा त्यांच्याजवळून बाहेर जाताना थांबली. मी व्यासपीठाच्या त्याच कडेला होते, मला ऐकू आलं.

"आज सांगितलंत," ती म्हणाली. "त्या दिवशी का नाही सांगितलंत, अण्णा?"

ती थोडा वेळ थांबली, खरोखर उत्तर हवं असल्यासारखी. मग गेली.

घर धरलं गेलं. अण्णांची साक्ष आणि भिंतींचं आधीचं काम, दोन्ही बघून गौरीचं घर भरपाईत आलं. आणि अण्णांचं कंत्राट त्या महिन्यात संपलं ते पुढे वाढवलं गेलं नाही. कुणी त्यांना काढून टाकलं असं म्हणता येणार नाही. निरोप समारंभ झाला, केक कापला. साहेबांनी त्यांच्या आवाजाचं मनापासून कौतुक केलं आणि दोन शब्द बोला म्हणाले. अण्णांनी हात जोडले आणि नाही म्हणून मान हलवली.

ऑफिसात काही जण त्यांना हळूच म्हणाले, तुम्ही मोठं काम केलंत. मीही एकदा राजाजीनगरात जाऊन तेच म्हटलं. ते भाजी निवडत बसले होते. शेंगांचे दोरे काढता काढता म्हणाले, "तू तरी असं म्हणू नकोस, पुट्टी. आग लावणाऱ्याने मग पाणी आणलं तर त्याला शाबासकी देतात काय? तिच्या डोळ्यांसमोर मी खोटं वाचलं. ते तिने ऐकलंय. आता मी काहीही सांगितलं तरी तिला ते आधी ऐकू येणार." आणि शेंगा संपवून त्यांनी मला जेवूनच जा म्हटलं. साहेबांविषयी एक वाईट शब्द नाही. माझ्याविषयी तर नाहीच. मी त्या दिवशी का गप्प बसले हे त्यांनी कधी विचारलं नाही, आणि त्यांनी विचारलं नाही म्हणूनच तो प्रश्न माझ्याकडे राहिला आहे.

गाडी अजून आलेली नाही. खांबही उभे राहिलेले नाहीत. रेघ आणखी एकदा हलणार अशी चर्चा आहे. गौरी त्याच पिवळ्या घरात राहते, अंगणात मोजणीचा दगड पुरलेला आहे, आणि तिचं पोर त्या दगडावर चढून बसतं असं ऐकते.

गेल्या हिवाळ्यात आई नाशिकहून आली होती. तिला बनशंकरीच्या देवळात जायचं होतं. पूजा करून बाहेर आलो तर फुलवाल्यांच्या रांगेपाशी अण्णा. पांढरा शर्ट तसाच, अंगाने उतरलेले. पद्मा अक्का आत रांगेत होत्या. मी आईची ओळख करून दिली. आईला परमुलखात मराठी माणूस भेटल्याचा कोण आनंद.

"तुम्ही हिच्याच ऑफिसात होता ना?" तिने विचारलं. "काय काम होतं तुमचं?"

"लोकांना थापा मारायचं," अण्णा म्हणाले.

आई मोकळेपणाने हसली. काय विनोदी माणूस आहे, असं तिच्या डोळ्यांत. अण्णा हसले नाहीत, पण तिचं हसू मोडू नये म्हणून त्यांनी मान जराशी हलवली. मी फुलांकडे बघत राहिले.

आम्हाला बस स्टॉपपर्यंत सोडायला ते आले. आई त्यांच्याशी बोलत होती, ते ऐकत होते. बस आली. आम्ही चढतो आहोत तेवढ्यात डोक्यावर पिशवी घेतलेली एक म्हातारी घाईघाईने त्यांच्याजवळ आली आणि कन्नडमध्ये विचारलं, ही बस जयनगरला जाते काय?

ती जयनगरला जात होती. पाटीवर मोठ्या अक्षरांत लिहिलेलं होतं. अण्णांनी पाटीकडे बघितलं, म्हातारीकडे बघितलं.

"कंडक्टरला विचारून घ्या, अम्मा," ते म्हणाले.

तिने दारातल्या कंडक्टरला विचारलं. तो हो म्हणाला. मग अण्णांनी तिच्या डोक्यावरची पिशवी उतरवली, तिला हाताला धरून पायरीवर चढवलं, पिशवी तिच्या मागून आत दिली, आणि फुटपाथवर मागे सरले. बस सुटली. आई खिडकीतून हात हलवत होती. अण्णांचं लक्ष नव्हतं. ते बसची पाटी परत एकदा वाचत होते.